बंद पडलेला प्लेस्टेशन २ भंगारात देण्याआधी: आपल्याच डिस्कमधले गेम संगणकावर कसे खेळावेत
(ग्राहकांसाठी माहितीपत्रक)

माळ्यावर किंवा टीव्हीच्या टेबलाखाली तुमचा जुना प्लेस्टेशन २ अजून पडून असेल, तर हे पत्रक तुमच्यासाठी आहे. असे मशीन आमच्या दुकानात घेऊन येणाऱ्यांची तक्रार बहुतेक वेळा एकच असते: चालू होतं, मेनू येतो, पण सीडी वाचत नाही. म्हणजे लेन्स गेलेली असते. सुट्या लेन्स बाजारात मिळतात, पण त्यातल्या बऱ्याच वापरलेल्या असतात आणि किती दिवस टिकतील याची खात्री आम्ही देऊ शकत नाही. सोनीने हे मशीन मार्च २००० मध्ये जपानमध्ये आणले, जगभरात त्याची १५ कोटींहून जास्त विक्री झाली आणि २०१३ च्या सुरुवातीला उत्पादन थांबले. जपानमधली अधिकृत दुरुस्तीसुद्धा २०१८ मध्ये बंद झाली. तेव्हा "नवा भाग कंपनीकडून मागवू" हा रस्ता राहिलेला नाही.

तरीही मशीन भंगारवाल्याला देऊ नका. लेन्स गेली तरी आतला मदरबोर्ड बहुधा शाबूत असतो आणि त्यावर जे आहे त्याचीच आपल्याला गरज आहे. तुमच्या डिस्क संगणकाच्या डीव्हीडी ड्राइव्हमध्ये वाचता येतात. या दोन गोष्टी एकत्र आल्या की तेच गेम, तुमच्या जुन्या सेव्हसकट, लॅपटॉपवर चालतात.

एम्युलेटर म्हणजे काय

एम्युलेटर हा संगणकावर चालणारा प्रोग्राम आहे. प्लेस्टेशन २ मधला ‘इमोशन इंजिन’ हा प्रोसेसर, ‘ग्राफिक्स सिंथेसायझर’ ही चित्राची चिप, ध्वनी आणि मेमरी कार्ड या सगळ्यांचे काम तो सॉफ्टवेअरमध्ये करून दाखवतो. त्यामुळे गेमला आपण मूळ मशीनवरच चालतो आहोत असे वाटते. यासाठी आम्ही ‘पीसीएसएक्स२’ वापरतो. हा प्रोग्राम फुकट आहे, त्याचा सोर्स कोड खुला आहे आणि २००२ पासून स्वयंसेवक तो घडवत आले आहेत. जुलै २०२४ मध्ये त्याची २.० आवृत्ती आली आणि मांडणी पूर्वीपेक्षा खूप सोपी झाली. उतरवून घ्यायचा तो फक्त पीसीएसएक्स२ डॉट नेट या त्यांच्या स्वतःच्या संकेतस्थळावरून. विंडोज, लिनक्स आणि मॅकसाठी तो मिळतो. मोबाइलसाठी याच नावाने काही दिसले, किंवा कोणी त्याचे पैसे मागितले, तर ते त्या मंडळींचे नाही हे लगेच ओळखा.

एम्युलेटरमध्ये एकही गेम नसतो आणि ‘बायोस’ही (मशीन सुरू करणारा, मदरबोर्डवरच साठवलेला सोनीचा प्रोग्राम) नसतो. या दोन्ही गोष्टी तुमच्या स्वतःच्या हव्यात.

आधी डिस्क तपासा

आपल्याकडे हा विषय स्पष्ट बोलायला हवा. प्लेस्टेशन २ च्या भरभराटीच्या काळात इथे घरोघरी नकली डिस्क चालवणारी चिप बसवलेली मशीन होती, आणि प्लास्टिकच्या पाकिटातल्या, वर मार्करने नाव लिहिलेल्या सीडी स्वस्तात मिळत. त्या काळी अनेकांना खरी डिस्क कशी दिसते हेही माहीत नव्हते, म्हणून आम्ही कोणाला दोष देत नाही. पण ती डिस्क म्हणजे तुमच्या मालकीचा गेम नव्हे, आणि तिची प्रत आम्ही काढून देत नाही.

खरी डिस्क ओळखायला वेळ लागत नाही. डीव्हीडी असेल तर तिची पाठ चंदेरी असते. सुरुवातीच्या काळातले, आकाराने लहान असलेले काही गेम सीडीवर यायचे, त्यांची पाठ गडद निळी असते. घरी राइट केलेल्या डीव्हीडीची पाठ जांभळट झाक मारते आणि पुष्कळदा राइट झालेल्या भागाच्या कडेला एक वर्तुळ उठून दिसते. खऱ्या डिस्कच्या पुढच्या बाजूला नीट छपाई असते आणि गेमचा क्रमांकही असतो. ‘एसएलईएस’ किंवा ‘एससीईएस’ने सुरू होणारा क्रमांक असेल तर डिस्क युरोपीय पद्धतीची, ‘एसएलयूएस’ असेल तर अमेरिकी. दोन्ही चालतात. युरोपीय डिस्क सेकंदाला ५० चित्रांच्या हिशेबाने चालते आणि अमेरिकी ६० च्या, एवढे लक्षात ठेवा. म्हणजे पुढे पडद्यावर ५० आकडा दिसला तर लॅपटॉप कमी पडतोय असे वाटणार नाही.

कायद्याबद्दल थोडक्यात. कॉपीराइट कायदा, १९५७ मधल्या कलम ५२(१)(कक)नुसार, संगणक प्रोग्रामची प्रत ज्याच्याकडे कायदेशीरपणे आहे त्याला, ज्या कामासाठी तो प्रोग्राम दिला गेला त्याच कामासाठी, आणि नुकसानीपासून संरक्षण म्हणून प्रत करता येते. आमचा सगळा नियम याच कलमाच्या आधाराने ठरलेला आहे. दुसऱ्या बाजूला, नकली प्रत आहे हे माहीत असून ती संगणकावर वापरणाऱ्याला कलम ६३ख खाली किमान ७ दिवस ते ३ वर्षे कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंडाची तरतूद आहे. म्हणून इंटरनेटवरून उतरवलेले गेम आणि बायोस आम्ही कोणाच्याही लॅपटॉपवर टाकत नाही, कृपया आग्रह करू नका. उद्या तुम्ही मूळ डिस्क विकली, तर तिच्यावरून काढलेली प्रतही पुसून टाका.

बायोस: मेलेल्या मशीनमधली जिवंत वस्तू

मशीन चालू केल्यावर निळसर पडदा आणि तो ओळखीचा आवाज येतो, ते सगळे बायोसमधून येते. ही फक्त ४ एमबीची फाइल, पण तिच्याशिवाय पीसीएसएक्स२ कोणताही गेम सुरू करत नाही. तिचा हक्क सोनीकडे आहे, म्हणून ती तुमच्याच मशीनमधून काढायची.

त्यासाठी मशीन खोलावे लागत नाही आणि लेन्सही लागत नाही. ‘फ्री मॅकबूट’ हा प्रोग्राम टाकलेले मेमरी कार्ड पहिल्या खाचेत बसवून मशीन चालू केले की ते डिस्कऐवजी त्या कार्डावरून सुरू होते. मग पुढच्या यूएसबी पोर्टमध्ये पेनड्राइव्ह लावून ‘बायोसड्रेन’ नावाचा छोटा प्रोग्राम चालवायचा. तो बायोस वाचून पेनड्राइव्हवर फाइली तयार करतो. मशीनचे यूएसबी जुन्या १.१ प्रकारचे आहे, त्यामुळे धीर धरावा लागतो. मध्येच पेनड्राइव्ह ओढू नका. पेनड्राइव्ह ‘फॅट३२’ पद्धतीने फॉरमॅट केलेला हवा, नाहीतर मशीनला तो दिसतच नाही.

मशीनचा क्रमांक मागच्या किंवा खालच्या बाजूला ‘एससीपीएच’ने सुरू होतो. तो ९०००० च्या घरातला असेल, तर त्यातल्या नंतरच्या मशीनवर फ्री मॅकबूट चालत नाही. तिथे ‘फ्री डीव्हीडी बूट’ ही वेगळी युक्ती आम्ही वापरतो आणि तिला मात्र लेन्स चालू लागते. अशा मशीनची लेन्स अजून थोडीफार वाचत असेल तर ती पूर्ण जाण्याआधी या. फ्री मॅकबूटचे कार्ड आमच्याकडे आहे. तुमचे मशीन आणि पॉवर केबल आणली तरी पुरते.

मशीन आणाल तेव्हा त्यातले जुने मेमरी कार्डही काढून ठेवू नका. ‘सॅन अँड्रियास’मध्ये तुम्ही कुठपर्यंत पोहोचला होता, ‘क्रिकेट ०७’ मधला तुमचा संघ, ‘हिअर कम्स द पेन’मध्ये तयार केलेला पैलवान, हे सगळे त्या ८ एमबीत आहे. तीच फ्री मॅकबूटची वाट वापरून हे सेव्ह पेनड्राइव्हवर घेता येतात आणि ‘मायएमसी’ या साधनाने एम्युलेटरच्या कार्डात भरता येतात. अट एकच: सेव्ह ज्या प्रदेशाच्या डिस्कवरचा आहे, डिस्कही त्याच प्रदेशाची हवी.

डिस्कची प्रत काढणे

आजकालच्या लॅपटॉपला डीव्हीडी ड्राइव्ह नसतो. यूएसबीने जोडायचा साधा बाहेरचा डीव्हीडी रायटर चालतो. प्लेस्टेशन २ च्या डिस्कवरचा मजकूर कुलूपबंद नसतो. खरी-खोटी ओळखायची खूण डिस्कच्या वेगळ्या भागात असते आणि ती तपासण्याचे काम मूळ मशीन करते. म्हणूनच साधा ड्राइव्ह ही डिस्क सरळ वाचतो.

डिस्क आधी पुसून घ्या. मऊ सुती कापड, लागलेच तर किंचित पाणी, आणि मधल्या भोकाकडून कडेकडे सरळ रेषेत. गोल गोल पुसू नका, कारण माहिती गोलाकार रेषेत लिहिलेली असते आणि त्या दिशेचा ओरखडा जास्त नुकसान करतो. टूथपेस्ट लावू नका. कोकणातून आणि मुंबईच्या दमट घरांतून येणाऱ्या डिस्कवर पावसाळ्यानंतर बुरशीचे ठिपके असतात. ते वरवरचे असतील तर निघतात. निळ्या सीडीची छापील बाजू जास्त जपा. सीडीत माहितीचा थर अगदी त्या छपाईखाली असतो, तिथला ओरखडा भरून येत नाही. डीव्हीडीत तो थर दोन पातळ चकत्यांच्या मध्ये असतो, त्यामुळे ती थोडी सोशिक.

‘इमेजबर्न’ हा फुकट प्रोग्राम उघडून ‘क्रिएट इमेज फाइल फ्रॉम डिस्क’ निवडा, वाचण्याचा वेग कमी ठेवा आणि सुरू करा. डीव्हीडीची एकच आयएसओ फाइल (संपूर्ण डिस्कची नक्कल) बनते. सीडीच्या बिन आणि क्यू अशा दोन फाइली बनतात, त्या कायम एकत्र ठेवाव्यात. वाचताना चूक आली तर ‘दुर्लक्ष करा’ हे बटण दाबून पुढे जाऊ नका. तशी फाइल सुरुवातीला चालते आणि दहाव्या मिशनला अडकते. डिस्क पुन्हा पुसा, दुसऱ्या ड्राइव्हवर पाहा. आमच्याकडे वेगवेगळे ड्राइव्ह आहेत, आणि एकाने नाकारलेली डिस्क दुसरा वाचतो हे नेहमीचेच आहे.

साध्या डीव्हीडीची फाइल ४.७ जीबीपर्यंत होते, ‘गॉड ऑफ वॉर २’सारख्या दुपदरी डिस्कची ८.५ जीबीपर्यंत. फॅट३२ पेनड्राइव्हवर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल बसत नाही. म्हणून गेम ठेवायचा ड्राइव्ह ‘एनटीएफएस’ किंवा ‘एक्सफॅट’ पद्धतीने फॉरमॅट करून घ्या. जागा कमी असेल तर या फाइली ‘सीएचडी’ प्रकारात बदलता येतात. आकार कमी होतो आणि मूळ माहितीतला एक बिटही जात नाही.

२००९ मधला ‘हनुमान: बॉय वॉरियर’, ‘देसी अड्डा’, किंवा २०११ मधला ‘रा.वन’ असे भारतात बनलेले प्लेस्टेशन २ चे गेम कोणाकडे मूळ डिस्कवर असतील, तर त्यांची प्रत आधी काढा. त्या डिस्क आता कोणी नव्याने छापत नाही, आणि आपल्याकडच्या गेम बनवणाऱ्यांची ती सुरुवातीची कामे आहेत.

एम्युलेटरची मांडणी

लॅपटॉपला ६४-बिट विंडोज १० किंवा ११ आणि ८ जीबी रॅम हवी. प्रोसेसरमध्ये कोअर किती यापेक्षा एकेक कोअर किती जलद आहे याला इथे जास्त महत्त्व आहे. त्यामुळे नवा साधा आय-३ काही वेळा जुन्या महागड्या प्रोसेसरपेक्षा चांगला चालतो.

पहिल्यांदा उघडल्यावर प्रोग्राम स्वतःच विचारत जातो: बायोसचे फोल्डर कोणते, गेमचे फोल्डर कोणते, कंट्रोलर कोणता. कंट्रोलर यूएसबीने जोडून ‘ऑटोमॅटिक मॅपिंग’ केले की बहुतेक बटणे आपोआप जुळतात. गेमच्या यादीत तुमच्या गेमवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडली की ‘व्हेरिफाय’ बटण दिसते. तुमची प्रत मूळ डिस्कशी तंतोतंत जुळते का हे ते सांगते. ते एकदा कराच, त्यात चूक निघाली तर पुढच्या सेटिंगमध्ये डोके घालण्यात अर्थ नाही.

बाकी सेटिंग फारशी छेडू नका. प्रत्येक गेमला लागणारे बारीक बदल प्रोग्राम स्वतः लावतो. कोणाचा तरी व्हिडिओ पाहून सगळे पर्याय चालू करणाऱ्यांचेच गेम सर्वाधिक बिघडतात. बदलायची ती एकच गोष्ट, ‘इंटर्नल रिझोल्यूशन’, म्हणजे चित्र किती बारकाईने काढायचे. मूळ आकार म्हणजे १ पट, २ पट केले की साधारण ७२० ओळींचे चित्र, ३ पट केले की १०८० ओळींचे. ग्राफिक्स कार्ड नसलेल्या लॅपटॉपवर १ किंवा २ वर थांबा.

गेम अडकत चालला तर खालच्या पट्टीतला वेगाचा टक्का पाहा. १०० च्या खाली जात असेल तर आधी चार्जर लावा, बॅटरीवर लॅपटॉप हात आखडता घेतो. मग ‘ईई’ (इमोशन इंजिन) आणि ‘जीएस’ (ग्राफिक्स सिंथेसायझर) यांचे आकडे पाहा. ‘जीएस’ किंवा ‘जीपीयू’ (लॅपटॉपची ग्राफिक्स चिप) भरलेला असेल तर रिझोल्यूशन एक पायरी खाली आणा. ‘ईई’ भरलेला असेल तर प्रोसेसरच कमी पडतोय, तिथे सेटिंगने फार फरक पडत नाही, आणि तसे आम्ही स्पष्ट सांगतो.

एफ१ दाबले की जिथे आहात तिथेच गेम साठवला जातो, एफ३ ने परत येतो. सोय छान आहे, पण प्रोग्रामची आवृत्ती बदलली की असे साठवलेले प्रसंग उघडतीलच असे नाही. म्हणून गेमच्या आतूनही, मेमरी कार्डवर, नेहमीसारखे सेव्ह करत राहा. विंडोजमध्ये ही कार्डे डॉक्युमेंट्समधल्या पीसीएसएक्स२ फोल्डरात ‘मेमकार्ड्स’ या नावाखाली असतात. लॅपटॉप फॉरमॅटला देताना तेवढे फोल्डर आणि ‘बायोस’ फोल्डर वेगळे काढून ठेवा.

दुकानात येताना

मशीन, पॉवर केबल, मेमरी कार्ड, मूळ डिस्क आणि एक रिकामा हार्ड ड्राइव्ह किंवा मोठा पेनड्राइव्ह आणा. डिस्कची संख्या जास्त असेल तर त्या ठेवून जाव्या लागतात. प्रत्येक डिस्कचा क्रमांक लिहून पावती देतो. प्रती तुमच्याच ड्राइव्हवर घेतल्या जातात, आणि तुम्ही त्या चालवून पाहिल्यावर आमच्या संगणकावरच्या फाइली तुमच्यासमोर पुसतो. जी डिस्क वाचली गेली नाही तिचे पैसे घेत नाही. मशीन तुमचे तुम्हाला परत मिळते. लेन्स बदलायचीच असेल तर तेव्हा बोलू.