अन्नाभ्यासकांच्या संघात प्रवेश: पात्रता, कागदपत्रं आणि अर्जाची रीत

वेगवेगळ्या काळांत आणि प्रदेशांत अन्नाचा माग काढणाऱ्या अभ्यासकांचा हा संघ कल्पनेतला आहे. नियमावली मी बेतलेली आहे, तिच्यातले दाखले मात्र खरे आहेत. असा संघ उद्या कुणी उभा केलाच, तर आत कुणाला घ्यायचं आणि त्याच्याकडून काय मागायचं, हे आधी ठरलेलं बरं.

पात्रता

पदवीची अट नाही, वयाची नाही, शुल्कही नाही. शेतकरी, आचारी, पुरातत्त्वज्ञ, अनुवादक, रसायनशास्त्राचा विद्यार्थी अशा कुणालाही अर्ज करता येईल. अर्जदाराने एकच पदार्थ, धान्य किंवा कृती निवडलेली असावी आणि किमान दोन काळांत किंवा दोन प्रदेशांत तिचा शोध घेतलेला असावा. ‘जगाचा आहार’ असा विषय लिहिलेला अर्ज वाचलाच जाणार नाही.

कागदपत्रं

ओळखपत्र वगैरे नेहमीचंच. खरं वजन आहे ते मागपत्राला. निवडलेली गोष्ट कुठे दिसते, तिथून कुठे गेली, हे त्यात ओळीने लिहायचं आणि प्रत्येक विधानासमोर पुराव्याचा प्रकार नोंदवायचा: अवशेष, अंश, लेख की शब्द.

अवशेष म्हणजे प्रत्यक्ष उरलेलं अन्न. जॉर्डनच्या ईशान्य भागात शुबायका इथल्या चुलींत भाकरीसारख्या पदार्थाचे जळलेले तुकडे सापडले. ते सुमारे १४,४०० वर्षांपूर्वीचे, म्हणजे तिथे शेती सुरू होण्याच्या कितीतरी आधीचे. आधी शेती आणि मग भाकरी, हा आपण गृहीत धरलेला क्रम त्या काळ्या चुऱ्याने उलटवला. अंश म्हणजे भांड्याला चिकटून राहिलेलं रसायन किंवा पिठाचे सूक्ष्म कण. इक्वाडोरमधल्या सुमारे ५,३०० वर्षांपूर्वीच्या भांड्यांत कोकोचे अंश मिळाले, आणि कोकोचा उगम मध्य अमेरिकेत शोधणाऱ्यांना दक्षिणेकडे वळावं लागलं. शब्दाचा पुरावा मला सगळ्यांत जवळचा. ‘चहा’ आणि ‘टी’ ही दोन्ही नावं चिनी बोलींतलीच आहेत. खुष्कीच्या मार्गाने जिथे ही पत्ती पोचली तिथे बहुतेक ‘चा’ची रूपं रुजली, आणि डच व्यापाऱ्यांच्या जहाजांतून जिथे गेली तिथे चीनमधल्या फूच्यान प्रांताच्या किनाऱ्यावरचं ‘ते’. भाषा बोलणाऱ्याच्या तोंडात व्यापाराचा नकाशा असतो.

मागपत्रात एक रकाना सक्तीचा आहे: ‘काय मागे राहिलं’. तो का, ते मक्याच्या उदाहरणावरून कळेल. मेसोअमेरिकेत, म्हणजे मेक्सिको आणि त्याच्या दक्षिणेच्या भागात, मका चुन्याच्या किंवा राखेच्या पाण्यात शिजवत. त्यामुळे त्यातलं नायासिन हे जीवनसत्त्व शरीराला मिळतं. युरोपात मका गेला, ही कृती गेली नाही. ज्या गरीब वस्त्या मक्यावरच जगू लागल्या, तिथे पेलाग्रा हा नायासिनच्या अभावाने होणारा रोग पसरला. स्पेनमधल्या गास्पार कासाल या वैद्याने १७३५ मध्ये त्याची लक्षणं नोंदवली. धान्य आलं आणि ते खाण्याचं शहाणपण वाटेतच राहिलं, याची किंमत माणसांनी शरीराने मोजली. म्हणून हा रकाना कोरा चालणार नाही.

दुसरं कागदपत्र भाषेचं स्वयंघोषणापत्र. मूळ मजकूर स्वतः वाचला की अनुवादातून, ते स्पष्ट लिहायचं. येल विद्यापीठात इसवी सनापूर्वी सुमारे १७३० सालच्या बॅबिलोनियन मातीच्या पाट्या आहेत, त्यांवर पाककृती आहेत. त्यांत प्रमाणं जवळजवळ दिलेलीच नाहीत आणि काही घटकांचे अर्थ अजून नक्की झालेले नाहीत. अशा कृतीत अर्जदाराने ‘दोन चमचे’ लिहिलं असेल, तर ते त्याने स्वतः घातलेले आहेत, हे त्यानेच सांगायला हवं.

तिसरं, करून पाहिल्याची नोंद. ज्यांना हा भाग पोरकट वाटतो, त्यांच्यासाठी चीनमधल्या लाजिया इथलं उदाहरण. तिथे पालथ्या वाडग्याखाली सुमारे ४,००० वर्षांपूर्वीच्या शेवया मिळाल्या. त्या ज्वारी-बाजरीच्या जातीच्या बारीक भरड धान्यांच्या आहेत, असा निष्कर्ष २००५ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यावर आक्षेप आला तो पिठाच्या अंगाने: या धान्यांत ग्लुटेन, म्हणजे कणकेला ताण देणारं प्रथिन, नाही, मग त्यांच्या पिठाची लांब तार ओढली कशी? हा प्रश्न कणीक मळणाऱ्या हाताला आधी सुचतो. नोंदीत फसलेले प्रयत्नही तारखेसह हवेत.

चौथं, कृती कुणा जिवंत माणसाकडून घेतली असेल तर त्याचं संमतीपत्र.

छाननी

पहिली चाळणी १४९२ ची, म्हणजे कोलंबस अमेरिकेला पोचला त्या वर्षाची. त्याआधीच्या युरोप, आशिया किंवा आफ्रिकेतल्या स्वयंपाकात मूळची अमेरिकेतली मिरची, टोमॅटो, बटाटा किंवा मका दाखवला असेल, तर अर्ज तिथेच थांबतो. दुसरी चाळणी ऐकीव गोष्टींची. मार्को पोलोने चीनमधून शेवया इटलीत आणल्या, ही कथा अर्जांत हमखास येईल. पोलो १२९५ मध्ये परतला. अल-इद्रिसी या अरब भूगोलकाराने मात्र ११५४ मध्येच सिसिलीतल्या त्राबिया गावी बनणाऱ्या आणि जहाजांतून दूर पाठवल्या जाणाऱ्या ‘इत्रिय्या’ची, म्हणजे वाळवलेल्या शेवयांची, नोंद केली आहे.

त्रुटी निघाली म्हणून अर्ज बाद होत नाही. दुरुस्त करून हवा तितक्या वेळा द्यावा, आधीच्या प्रती मात्र जोडून.

तोंडी परीक्षा आणि स्वाक्षरी

तोंडी परीक्षेत दोन परीक्षक, त्यांतला एक रोज स्वयंपाक करणारा. मग नोंदवहीत स्वाक्षरी. त्या वहीचं पहिलं पान लेनिनग्राडच्या बीजसंग्रहासाठी राखलेलं आहे. १९४१ नंतर जर्मन सैन्याने त्या रशियन शहराला घातलेल्या वेढ्यात तिथल्या काही संशोधकांनी उपासमारीत प्राण सोडले, पण हाताशी असलेलं बियाणं खाल्लं नाही. संग्रह उभा करणारे निकोलाय वाविलोव त्याच सुमारास तुरुंगात होते. १९४३ मध्ये तिथेच त्यांचा मृत्यू झाला. हे पान वाचल्याशिवाय सही घेतली जाणार नाही.

सही झाली की नव्या सदस्याला त्याचं मागपत्र परत मिळतं. त्यातलं सगळ्यांत कच्चं विधान त्याने स्वतः अधोरेखित करायचं, आणि वर्षभराचं काम तिथून सुरू.