सामरीची पेटी आणि नेवलाची पेटी

परवा परभणीत बसस्टँडजवळच्या टपरीवर जुन्या हिंदी सिनेमातल्या दोन भुतांवरून पैज लागली. मित्र म्हणाला, "सामरी म्हणजे तोच की बे, काली पहाडीवर पेटीत झोपणारा. वटवाघूळवाला." मी म्हणालो, "तो नेवला. आजचा चहा तुझ्याकडं."

त्याची एकट्याची चूक नाही म्हणा. सामरी 'पुराना मंदिर'मधला (1984), नेवला 'बंद दरवाजा'मधला (1990), आणि हे दोन्ही सिनेमे तुलसी आणि श्याम रामसेंचे. दोन्हींत ठाकूर, दोन्हींत हवेली, दोन्हींत भुताच्या कामाला एकच माणूस, अनिरुद्ध अग्रवाल. त्यात दोन्हीकडं पेटी. घोळ तिथंच होतो.

'पुराना मंदिर'मधल्या पेटीत सामरी नाहीच, नुसतं त्याचं मुंडकं आहे. दोनशे वर्षांपूर्वी राजानं त्याला पकडून शिर धडावेगळं केलं. मुंडकं हवेलीत पेटीबंद, त्यावर राखणीला त्रिशूळ; धड जुन्या देवळामागं पुरलेलं. मरता मरता त्यानं शाप दिला, की या घराण्यातली प्रत्येक बाई बाळंतपणात मरेल. म्हणजे हे झोपलेलं भूत नाही, बांधून ठेवलेलं आहे. आमच्याकडं गावाबाहेर लिंबाला खिळा ठोकून बाधा बांधतात, तोच हिशेब. खिळा निघाला की सुटलं.

मी हा सिनेमा पाहिला माळेगावच्या यात्रेत, टुरिंग टॉकीजच्या तंबूत. मार्गशीर्षातली थंडी, खाली सतरंजी, अंगावर आजीची गोधडी. मधे दोरी, अलीकडं गडी, पलीकडं बाया. पडद्यावर पेटी आली, तिच्यावरचा त्रिशूळ दिसला, तसं मागून कुणीतरी ओरडलं, "येळकोट येळकोट!" आणि सगळा तंबू म्हणाला, "जय मल्हार!" खंडोबाच्या दारात शंकराचा त्रिशूळ दिसल्यावर लोक गप्प बसणार कसे? नेमकी तेवढ्यात रीळ संपली. ती बदलेपर्यंत अंधारात कुणी जागचं हललं नाही. लघवीलासुद्धा नाही.

नेवलाची पेटी वेगळी. ती शवपेटी आहे आणि आत तो सबंध आहे. दिवसा निजतो, रात्री रक्त पितो. हे बेणं विलायती, ड्रॅक्युलाच्या खानदानातलं. आपली हडळ, मुंजा, खवीस, वेताळ आठवून पाहा, पेटीत कोण झोपतं? आपल्यात मढं जाळायची रीत, पेटी आणायची कुठून! नावाचीही गंमतच. हिंदीत नेवला म्हणजे मुंगूस, आणि याचं सगळं सोंग वटवाघळाचं.

पण गोष्टीचा गाभा मात्र आपल्या ओळखीचा. मूल होत नाही म्हणून ठाकुराईन त्याच्याकडं जाते. अट अशी, की मुलगा झाला तर तुझा, मुलगी झाली तर माझी. मुलगीच होते. मला यात वाकडा नवस दिसतो, चुकीच्या देवाला बोललेला. म्हणूनच तो विलायती असूनही भाड्याच्या व्हीसीआरवर आमच्या गल्लीत एवढा चालला असावा. आयाबाया तर नवसापाशीच थबकायच्या, रक्ताबिक्ताचं त्यांना फार काही नव्हतं.

अग्रवालांचं कामही दोन्हींत एकसारखं नाही, आणि फरक ओळखायची माझी खूण हीच. सामरी चालून येतो. बोलणं कमी, नुसती ती उंची, तो लांबोडका चेहरा आणि डोळे. नेवला बसल्या जागी बोलावतो आणि माणसं आपल्या पायांनी त्याच्याकडं जातात. सामरीपासून पळता येतं. नेवलापासून पळायचं कुणाच्या मनातच येत नाही. मला विचाराल तर नेवलाचं काम अवघड, पण नाव झालं सामरीचं.

त्या नावानं आणखी एक घोळ घातला. 1985 मध्ये रामसेंनी थ्रीडी 'सामरी' काढला. तो 'पुराना मंदिर'चा पुढचा भाग नव्हे. नट तोच, नाव तेच, गोष्ट दुसरी. यातला सामरी मुळात भला माणूस, मालमत्तेपायी मारला गेलेला आणि सूड घ्यायला उठलेला. शिवाय पडद्यावरच्या नामावलीत कधी अजय अग्रवाल, कधी अनिरुद्ध. दोन भाऊ असतील, असं मी कित्येक वर्षं धरून चाललो होतो. माणूस एकच आणि शिक्षणानं इंजिनिअर, तोही रुरकीचा.

मित्रानं चहाचे पैसे दिले, पण हार मानेना. "मग भूत सोडून काय केलं त्यानं?"

1994 च्या 'बँडिट क्वीन'मधला डाकू बाबू गुज्जर, मी सांगितलं. त्याच वर्षी डिस्नेच्या 'जंगल बुक'मध्ये तबाकी. बाबू गुज्जरला ना पेटी, ना शाप, ना त्रिशूळ. चंबळचं रखरखीत ऊन आणि हातात बंदूक. मित्र जरा वेळ गप्प झाला. "तो बाबू गुज्जर हाच?" कप खाली ठेवत म्हणाला, "त्याला पाहून तर मी टीव्ही बंद केला होता बे. सामरीला नव्हता केला."