खानदेश भिल्ल पलटण
ईस्ट इंडिया कंपनीने १८२५ मध्ये खानदेशातल्या भिल्लांमधून उभारलेले हलके पायदळ. मुख्य ठाणे धरणगाव (आता जळगाव जिल्हा). पलटणीचा संस्थापक जेम्स आउट्रम पुढे ब्रिटिश साम्राज्याचा नामवंत सेनानी ठरला. इतिहासात तिचे नाव राहिले ते बरेचसे त्याच्यामुळेच. ज्यांच्या जिवावर ती उभी राहिली त्या शिपायांची नावे मात्र क्वचितच सापडतात.

१८१८ मध्ये पेशवाई बुडाली आणि खानदेश कंपनीकडे आला, तेव्हा मुलूख उजाड होता. १८०३-०४ चा दुष्काळ आणि पेंढाऱ्यांची लूट यांनी गावेच्या गावे ओस पडली होती. घाटवाटांची राखण आणि गावची जागल हे भिल्ल नाइकांचे जुने हक्क. ते बुडाल्यावर सातपुडा, सातमाळा आणि अजिंठ्याच्या डोंगरांतून धाडी सुरू झाल्या. कंपनीने सहासात वर्षे फौजा पाठवून पाहिल्या. ताप आणि जंगल यांपुढे फौजा थकल्या, भिल्ल थकले नाहीत. अखेर मुंबईचा गव्हर्नर एल्फिन्स्टन याने धोरण पालटले: काहींना शेतीसाठी जमीन व तगाई (सरकारी कर्ज), काहींना पलटणीत चाकरी.

पलटणीचे काम आउट्रमकडे आले तेव्हा तो अवघा बावीस वर्षांचा होता. पहारा न ठेवता तो भिल्लांमध्ये राहिला, त्यांच्याबरोबर वाघाच्या शिकारीला गेला. पगारापेक्षा या शिकारींनीच माणसे जोडली, असे म्हणायला हरकत नाही. १८३५ मध्ये तो गुजरातेत महीकांठ्याकडे गेला, तोवर पलटण पक्की झाली होती.

आउट्रमचे पुढचे आयुष्य खानदेशाबाहेरचे आहे: अफगाण युद्ध, १८४३ मध्ये सिंध-हैदराबादच्या रेसिडेन्सीचा (इंग्रज वकिलातीचा) बचाव, १८५७ मध्ये इराणची मोहीम आणि लगेच बंडात वेढा पडलेले लखनौ. लखनौच्या वाटेवर वरिष्ठ असूनही त्याने सेनापतिपद जनरल हॅवलॉककडे ठेवले आणि स्वतः स्वयंसेवक घोडेस्वारांत लढला. त्या घोडेस्वारांनी व्हिक्टोरिया क्रॉस या ब्रिटिशांच्या सर्वोच्च शौर्यपदकासाठी त्यालाच निवडले, पण त्याचा हुद्दा आड आला आणि क्रॉस मिळाला नाही. १८५८ मध्ये बॅरोनेट हा किताब मिळाला. १८६३ मध्ये फ्रान्समध्ये वारल्यावर त्याचे दफन लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबीत झाले.

हिंदी शिपायाला हा क्रॉस १९११ पर्यंत मिळूच शकत नव्हता. त्याच्यासाठी कंपनीने १८३७ पासून ‘ऑर्डर ऑफ मेरिट’ हे वेगळे शौर्यपदक ठेवले होते.

१८५७ मध्ये पलटण इंग्रजांच्या बाजूने राहिली. त्याच सातपुड्यात मात्र खाज्या नाईक, भीमा नाईक या भिल्ल पुढाऱ्यांनी बंड उभारले. खाज्या नाईक पूर्वी इंग्रजांच्याच चाकरीत सेंधव्याचा घाट राखत. त्यांच्या टोळीने आग्रा रस्त्यावर सुमारे सात लाखांचा सरकारी खजिना लुटला. ११ एप्रिल १८५८ रोजी सातपुड्यातल्या आंबापाणीला या बंडखोरांशी इंग्रज फौजेची मोठी लढाई झाली. पकडलेल्यांपैकी अनेकांना गोळ्या घालण्यात आल्या, शेकडो भिल्ल स्त्रिया कैद झाल्या. सरकारी कागदांत हे सारे ‘दरोडेखोर’ म्हणून नोंदले गेले. खाज्या नाईक पुढे फितुरीने मारले गेले.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस डोंगर शांत झाल्यावर पलटणीचे वेगळे अस्तित्व संपले आणि तिची माणसे जिल्हा पोलिसांत गेली.