कार्बन क्रेडिटचं मार्केट आलं कुठून? थोडं मागे जाऊन

मागच्या पावसाळ्यात आमच्या गावाकडच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक मेसेज फिरत होता, बांबू लावा आणि कार्बन क्रेडिटचे पैसे मिळवा, खाली एक मोबाईल नंबर. काकांनी फोन लावला. दोन दिवसांनी एक पोरगा बाईकवर आला, बांधावर फिरून मोबाईलमध्ये शेताच्या चारी कोपऱ्यांचं लोकेशन घेतलं, सातबाऱ्याचा फोटो काढला आणि एका फॉर्मवर सही मागितली. काकांनी विचारलं, दर काय? पोरगा म्हणाला, दर मार्केटवर आहे काका. काका म्हणाले, बरं, मग मार्केट कुठं भरतं? त्यावर तो नुसता हसला. सही झाली नाही, काकांनी फॉर्मची झेरॉक्स तेवढी ठेवून घेतली. पण प्रश्न एकदम बरोबर होता, त्यामुळे हे मार्केट कुठून आलं ते जरा सविस्तर लिहितो. (कार्बन क्रेडिट म्हणजे एक टन कार्बन डायऑक्साइड वाचवल्याचं किंवा शोषल्याचं, विकता येणारं सर्टिफिकेट.)

सुरुवात पार १९२० पासून. केंब्रिजला पिगू नावाचे अर्थशास्त्रज्ञ होते, त्यांचं म्हणणं साधं होतं. कारखान्याच्या चिमणीतून धूर निघतो, त्याचा कारखानदाराला एक पैसा खर्च नाही, पण शेजारच्या वस्तीतले वाळत घातलेले कपडे काळे होतात, पोरं खोकतात, तो खर्च दुसऱ्याच्याच खिशातून जातो आणि मालाच्या किमतीत कुठेच दिसत नाही. मग सरकारने त्या धुरावर कर लावावा म्हणजे हिशोब बरोबर बसेल. पुढे १९६० मध्ये रोनाल्ड कोस यांनी वेगळी बाजू मांडली, आधी हक्क कोणाचा ते ठरवा, सौदा करायला खर्च येत नसेल तर दोन्ही बाजू आपापसात बसून मार्ग काढतील. (सौदा करायला खर्च येतोच, आणि तोच सगळ्यात मोठा घोळ आहे, हे पण कोस यांनीच सांगितलं होतं, पण त्यांचं नाव घेऊन बाजाराची आरती करणारे हे वाक्य बरोबर गाळतात.) मग १९६८ मध्ये टोरांटोच्या जॉन डेल्स यांनी दोन्हीचा मेळ घातला: एकूण किती घाण चालेल ते सरकार ठरवणार, तेवढेच परवाने काढणार, आणि परवाने लोकांनी एकमेकांना विकायचे. आज ज्याला कॅप अँड ट्रेड म्हणतात त्याची बीजं इथली.

प्रत्यक्षात हे मोठ्या प्रमाणावर पहिल्यांदा उतरलं अमेरिकेत, आणि तेही कार्बनसाठी नाही, गंधकासाठी. कोळशाच्या वीजकेंद्रांतून निघणाऱ्या सल्फर डायऑक्साइडमुळे ॲसिडचा पाऊस पडायचा, तळ्यांतले मासे मरायचे. थोरले बुश अध्यक्ष असताना १९९० मध्ये कायदा दुरुस्त झाला, १९८० च्या पातळीपेक्षा वर्षाला १ कोटी टन सल्फर डायऑक्साइड कमी करायचं ठरलं आणि १९९५ पासून परवान्यांचा व्यवहार सुरू झाला. आणि चाललं की ते! अंदाजापेक्षा बराच कमी खर्च आला. इथूनच पुढे तीस वर्षं सगळ्यांनी हे उदाहरण मिरवलं, पण मिरवताना दोन गोष्टी मागे पडल्या. एक, प्रत्येक चिमणीवर सतत मोजणारं मीटर होतं आणि परवान्यापेक्षा जास्त सोडलं तर टनाला २,००० डॉलर दंड, म्हणजे परवाना विकत घेण्यापेक्षा कितीतरी महाग. दोन, रेल्वेवरची बंधनं १९८० मध्ये सैल झाल्यामुळे वायोमिंगचा कमी गंधकाचा कोळसा पूर्वेकडच्या वीजकेंद्रांना एकदम स्वस्तात मिळायला लागला होता. त्यामुळे यशाचं सगळं श्रेय बाजाराला देणं म्हणजे पाऊस चांगला झाला आणि बियाणाच्या कंपनीने जाहिरात केली, तसं आहे.

झाडं लावून धूर माफ करून घ्यायची आयडियाही त्याच काळातली. १९८८ च्या सुमारास अमेरिकेत कनेक्टिकटला कोळशाचं नवं वीजकेंद्र होणार होतं, त्या कंपनीने ग्वाटेमालातल्या शेतकऱ्यांकडून सुमारे ५ कोटी झाडं लावून घ्यायचा प्लॅन केला. धूर कनेक्टिकटला, झाडं ग्वाटेमालाला, हिशोब कागदावर. काकांच्या बांधावर आलेला पोरगा त्याच वंशावळीतला.

आता भारताचा संबंध. १९९१ मध्ये दिल्लीच्या सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्नमेंटचे अनिल अग्रवाल आणि सुनीता नारायण यांनी एक छोटी पुस्तिका काढली, त्यात मुद्दा असा की गरिबाच्या भातखाचरातून आणि गुराढोरांमुळे निघणारा मिथेन आणि अमेरिकेतल्या गाडीच्या धुराड्यातून निघणारा कार्बन एकाच तागडीत कसे काय तोलता, एक जगण्यासाठीचा आहे आणि दुसरा चैनीचा. हा वाद पुढच्या प्रत्येक परिषदेत चालूच राहिला. १९९२ ला रिओत हवामानाचा करार झाला, मग डिसेंबर १९९७ मध्ये जपानमधल्या क्योटोत पुढचा करार. श्रीमंत देशांनी २००८ ते २०१२ या काळात १९९० पेक्षा सरासरी ५ टक्क्यांच्या आसपास उत्सर्जन कमी करायचं असं ठरलं, आणि परवाने-क्रेडिटच्या व्यापाराची कलमं त्यात घातली ती मुख्यतः अमेरिकेच्या हट्टामुळे, युरोप तेव्हा नाखूष होता. मग २००१ मध्ये धाकट्या बुशसाहेबांनी अंग काढून घेतलं. मांडव घालायचा हट्ट ज्याचा तोच लग्नाला आला नाही, आणि नको नको म्हणणाऱ्या युरोपने २००५ पासून जगातला सगळ्यात मोठा कार्बन बाजार चालवला.

क्योटोतच एक तरतूद होती, क्लीन डेव्हलपमेंट मेकॅनिझम, सगळे सीडीएम म्हणतात. गरीब देशात प्रदूषण कमी करणारा प्रकल्प करा, वाचलेल्या प्रत्येक टनाला एक क्रेडिट घ्या, ते युरोप-जपानच्या कंपन्यांना विका. भारतात यावर उड्या पडल्या. २००५ मध्ये सुरुवातीलाच नोंद झालेल्या प्रकल्पांत गुजरातचा एक होता, रेफ्रिजरंट गॅसचा. एसी-फ्रिजमध्ये लागणारा एचसीएफसी-२२ बनवताना एचएफसी-२३ नावाचा उपगॅस निघतो, तेव्हाच्या हिशोबाने तो कार्बन डायऑक्साइडच्या ११,७०० पट तापवणारा. एक टन जाळला की ११,७०० क्रेडिट. जाळायला खर्च किरकोळ. मग जगभर आरोप सुरू झाले की काही कारखाने मूळ गॅस विकण्यापेक्षा कचरा जाळण्यासाठीच उत्पादन काढतायत. शेवटी युरोपने मे २०१३ पासून ही क्रेडिट घेणंच बंद केलं. खरं तर कायदा करून जाळायला लावलं असतं तर कितीतरी स्वस्तात काम झालं असतं, पण तेव्हा हे बोलणारा विकासविरोधी ठरायचा.

महाराष्ट्रात सीडीएम म्हणजे मुख्यतः पवनचक्क्या आणि साखर कारखान्यांचा को-जन, म्हणजे कारखान्यातच वीज बनवणं. पाटणच्या वर वनकुसवड्याच्या पठारावर पवनचक्क्या क्योटो लागू व्हायच्या आधीच उभ्या राहायला लागल्या होत्या, कारण नव्वदच्या दशकात पवनचक्की घेतली की पहिल्याच वर्षी पूर्ण घसारा दाखवून टॅक्स वाचवता यायचा. साक्रीकडेही मग अशीच रांग लागली. आणि को-जनचं म्हणाल तर, गाळप झालं की उसाचा चोथा, म्हणजे बगॅस, डोंगरासारखा साठतो, जुन्या कारखान्यात तो कमी दाबाच्या बॉयलरमध्ये कसाबसा जाळून संपवायचे, वाफेवर कारखाना चालला म्हणजे झालं. जास्त दाबाचा बॉयलर आणि मोठं टर्बाईन बसवलं की त्याच बगॅसमधून कारखाना चालून वर ग्रीडला विकायला वीज उरते. चांगलीच गोष्ट आहे. पण क्रेडिट मिळवायचं तर सिद्ध करावं लागायचं की कार्बनचे पैसे नसते तर हा प्रकल्प झालाच नसता. आता गंमत बघा, बँकेकडे कर्ज मागताना दाखवायचं की प्रकल्प फायद्यात आहे, आणि सीडीएमच्या फाईलीत दाखवायचं की क्रेडिटशिवाय परवडत नाही. टीकाकारांनी बोट ठेवलं ते नेमकं इथेच. पवनचक्कीला टॅक्स सवलत आहे, वीज घ्यायला सरकार आहे, मग वाचलेला टन नक्की कोणामुळे वाचला? तिकडे युरोपातली कंपनी मात्र त्या टनाच्या जोरावर आपला धूर चालू ठेवणार.

मग भाव पडले. का पडले ते नाशिकच्या माणसाला समजावून सांगायला लागत नाही, लासलगावला आवक वाढली की कांद्याचं काय होतं? युरोपने पहिल्या तीन वर्षांसाठी परवाने कंपन्यांना जवळजवळ फुकट वाटले, तेही कंपन्यांनी सांगितलेल्या गरजेवर. एप्रिल २००६ मध्ये खरे आकडे बाहेर आले तेव्हा कळलं की धुरापेक्षा परवानेच जास्त आहेत, ३० युरोच्या आसपासचा भाव कोसळला आणि २००७ संपेपर्यंत त्या परवान्यांची किंमत जवळजवळ शून्य झाली. नंतर २००८ ची मंदी, कारखानेच बंद, परत परवाने पडून. आपल्याकडची सीडीएम क्रेडिट २००८ मध्ये २० युरोच्या घरात होती ती २०१२ च्या शेवटी १ युरोच्याही खाली. ज्या कारखान्यांनी सल्लागाराची फी भरली होती त्यांच्या फाईली कपाटात गेल्या. पुढे युरोपने जादा परवाने बाजारातून काढून बाजूला ठेवायची व्यवस्था २०१९ पासून सुरू केली, दोर आवळला, तेव्हा फेब्रुवारी २०२३ मध्ये भाव १०० युरोपर्यंत गेला. बाजार तोच, फरक पडला तो आवकीवर कोणीतरी हात ठेवला म्हणून.

आपल्या सरकारने मधल्या काळात पिगूचा, म्हणजे कराचा, रस्ताही धरून बघितला. २०१० मध्ये कोळशावर टनाला ५० रुपये सेस लावला, २०१६ पर्यंत तो ४०० झाला, पैसे स्वच्छ ऊर्जेच्या फंडात जाणार होते. २०१७ ला जीएसटी आला आणि तो सेस राज्यांची भरपाई करण्याकडे वळला, आणि २०२५ मध्ये तो सेसच गेला, बदल्यात कोळशावरचा जीएसटी १८ टक्के झाला.

दुसरीकडे सोलर स्वस्त झालं, त्यात कार्बनच्या भावाचा हात तसा थोडाच. जर्मनीने २००० च्या कायद्याने सोलर विजेला वीस वर्षांचा हमीभाव दिला, चीनने कारखाने उभे केले, आणि आपल्याकडे लिलाव झाले. २०१० मध्ये केंद्रीय वीज नियामक आयोगाने धरलेला सोलरचा दर युनिटला १७.९१ रुपये होता, मे २०१७ मध्ये राजस्थानात भडला इथल्या लिलावात तो २.४४ वर आला. सरकारने दार उघडून धरलं, मग स्पर्धा आत शिरली. इथे बाजाराने खरंच कमाल केली, नाकारण्यात अर्थ नाही.

सुरतचंही सांगायला हवं. २०१९ पासून तिथल्या कोळसा जाळणाऱ्या कारखान्यांत, बहुतेक कापड प्रोसेसिंगवाले, धुरातल्या कणांचा परवाना बाजार चालवला गेला, सुमारे ३०० कारखाने, निम्मे चिठ्ठ्या टाकून बाजारात घेतले, निम्मे जुन्याच नियमात ठेवले. बाजारातल्यांचं प्रदूषण २० ते ३० टक्क्यांनी कमी निघालं. तिथेही चिमणीवर मीटर होते आणि कंपन्यांनी आधीच डिपॉझिट भरलं होतं, चुकलात तर त्यातून दंड कापला जाणार.

देशपातळीवर मात्र अनुभव वेगळा. २०१२ ला सुरू झालेल्या पॅट (परफॉर्म, अचीव्ह अँड ट्रेड) योजनेत मोठ्या कारखान्यांना ऊर्जा बचतीचं टार्गेट होतं, टार्गेटपेक्षा जास्त वाचवलं की सर्टिफिकेट. पहिल्या फेरीत ३८ लाखांच्या आसपास सर्टिफिकेटं निघाली आणि ज्यांना विकत घ्यायची होती त्यांची गरज १४ लाखांच्या आसपास. परत कांदाच. आता त्याच पॅटच्या पायावर कार्बन क्रेडिट ट्रेडिंग स्कीम आली, २०२२ ला कायदा बदलला, जून २०२३ ला योजना निघाली आणि ऑक्टोबर २०२५ मध्ये ॲल्युमिनियम, सिमेंट, क्लोर-अल्कली (कॉस्टिक सोडा-क्लोरीनवाले) आणि कागद या उद्योगांना टार्गेट मिळाली. पण ही टार्गेट एकूण धुरावर नाहीत, बनवलेल्या मालाच्या टनामागच्या धुरावर आहेत, म्हणजे सिमेंट दुप्पट बनलं तर एकूण धूर वाढला तरी कंपनी पास होऊ शकते. विकसनशील देश म्हणून हे समजू शकतो, पण टार्गेट सैल असली की काय होतं ते पॅटमध्ये बघून झालंय. युरोपने सीमेवरच कार्बनचा कर लावायचं ठरवल्यामुळे स्टील-ॲल्युमिनियमवाल्यांना ह्याची घाई आहे, नाहीतर एवढा जोर लागला असता असं मला वाटत नाही.

बांबू या सक्तीच्या बाजारात कुठे येत नाही. तो येतो स्वेच्छेच्या बाजारात, जिथे कंपन्या आपली प्रतिमा हिरवी करायला क्रेडिट घेतात, किंवा नव्या योजनेच्या ऑफसेट भागात, म्हणजे सक्ती नसलेल्यांनी आपणहून प्रकल्प करून क्रेडिट मिळवायच्या भागात. झाडाच्या क्रेडिटची अडचण अशी की कोळसा जळला की तो कार्बन हवेत शेकडो वर्षं राहतो, त्यामुळे त्या बदल्यात लावलेलं झाडही तेवढं टिकायला पाहिजे, मध्येच तोडलं, जळलं, की हिशोब फसला. परवा काकांकडे गेलो तेव्हा त्यांनी ती झेरॉक्स कपाटातून काढून दाखवली. नाव, गट नंबर, क्षेत्र, बँकेचं खातं सगळं भरलंय, बांबू किती वर्षं ठेवायचा त्या रकान्यात नुसती रेघ आहे.