देवाच्या दागिन्यांचा ताबा: बेळगाव सीमाभागातील देवस्थान-वादांची पार्श्वभूमी

बेळगाव, खानापूर, चिकोडी, निपाणी या भागातील देवस्थानांच्या जमिनीचा वाद उभा राहिला, तर वकिलाच्या हाती निदान काही कागद असतात. कंपनी सरकारने १८४३ पासून दक्षिण मराठा प्रदेशातील इनामांची चौकशी सुरू केली, १८५२ च्या अकराव्या कायद्याने इनाम कमिशनला कायदेशीर बळ मिळाले आणि देवस्थान इनाम हा वेगळा वर्ग होऊन गावोगावच्या दप्तरात नोंदला गेला. महसुलाशी संबंध नसल्यामुळे दागिन्यांकडे मात्र कोणी पाहिले नाही. मुखवटा, प्रभावळ, छत्र, चवऱ्या, पुतळ्यांची माळ यांची मोडीत लिहिलेली एखादी याद पाटलाच्या किंवा पुजाऱ्याच्या घरी असे, आणि ती लिहिणारा व पेटी सांभाळणारा पुष्कळदा एकच माणूस असे. पुढच्या बहुतेक दाव्यांचे मूळ, माझ्या मते, भाविकांच्या भांडखोरपणापेक्षा या नोंदीच्या अभावात अधिक आहे.

मालक कोण, या प्रश्नाचे उत्तर न्यायालयांनी तसे लवकर दिले. गुजरातेतील डाकोरच्या रणछोडरायाच्या सेवकांनी देवापुढे येणारे द्रव्य व अलंकार आपलेच असल्याचा दावा केला होता. त्यावर मुंबई उच्च न्यायालयाने १८८७ मध्ये ठरवले, की अर्पण देवाला होते आणि ते स्वीकारणारा सेवक विश्वस्तासारखा हिशेब देण्यास बांधलेला आहे. बेळगाव जिल्हा तेव्हा मुंबई इलाख्यात असल्याने हा निर्णय येथील दिवाणी न्यायालयांनाही लागू होता. १९२५ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने (लंडनमधील तेव्हाचे सर्वोच्च अपील न्यायालय) मलिक घराण्याच्या कलकत्त्यातील खटल्यात देवमूर्ती ही कोणाच्या मालकीची वस्तू नसून कायद्याच्या दृष्टीने व्यक्ती आहे, हे आणखी स्पष्ट केले. त्यामुळे दागिने देवाचे, याबद्दल कोर्टात फारसे कोणी भांडत नाही; भांडण असते ते देवाच्या वतीने किल्ली कोणी ठेवायची याचे. पंढरपूरचा वाद महाराष्ट्रातला असला, तरी सीमाभागातल्या वारकऱ्यांना तो चांगला माहीत आहे. १९७३ च्या कायद्याने बडवे-उत्पात या पुजारी घराण्यांचे वंशपरंपरागत हक्क संपवले आणि सर्वोच्च न्यायालयाने त्यावर अखेरची मोहोर उमटवायला जानेवारी २०१४ उजाडले.

दागिन्यांची सक्तीने नोंद झाली ती मुंबई सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम, १९५० मुळे. नोंदणीच्या अर्जासोबत स्थावर व जंगम मालमत्तेची, ओळख पटेल इतक्या तपशिलाची यादी देणे त्यात बंधनकारक होते. बेळगावला लागून असलेले शहापूर सांगली संस्थानात, तर रायबाग कोल्हापूर संस्थानात होते. विलीनीकरणानंतर तेथील देवस्थानेही याच चौकटीत आली. १ नोव्हेंबर १९५६ रोजी जिल्हा म्हैसूर राज्यात गेला तरी मुंबईचा हा कायदा येथे चालूच राहिला. अपिलाची वाट मात्र मुंबईहून बेंगळुरूकडे वळली, आणि २००८ मध्ये धारवाडला खंडपीठ सुरू होईपर्यंत गावच्या पंचांना एका मुखवट्यासाठीही तेवढा प्रवास करावा लागे.

कर्नाटकाने १९९७ चा हिंदू धार्मिक संस्था व धर्मादाय दत्ती अधिनियम १ मे २००३ पासून अमलात आणला आणि राज्याच्या निरनिराळ्या भागांतील पाच जुन्या कायद्यांची जागा घेतली. २००६ मध्ये उच्च न्यायालयाने तो घटनाबाह्य ठरवला. सरकार सर्वोच्च न्यायालयात गेले, स्थगिती मिळाली आणि २०११ मध्ये कायद्यात दुरुस्ती झाली. मठ आणि मठाशी संलग्न देवळे या कायद्याच्या कक्षेबाहेर आहेत. म्हणूनच आपले देऊळ मुजराई खात्याचे (देवस्थाने पाहणारे सरकारी खाते), मठाचे की गावच्या देवस्की पंच कमिटीचे (देवकार्य पाहणारी पंचांची समिती), हा मुद्दा दागिन्यांच्या दाव्यात आधी निघतो आणि मूळ प्रश्न बाजूला पडतो.

गावच्या लक्ष्मीची यात्रा काही वर्षांच्या अंतराने भरते आणि देवी गदगेवर (यात्रेतील तिच्या आसनावर) बसण्यापूर्वी पेटी उघडावी लागते. वाद पेटतो तो तेव्हा. लोक आधी पोलीस ठाण्यात व तहसीलदाराकडे धाव घेतात. पण शांतताभंगाच्या भीतीने ताबा ठरवण्याचा जो अधिकार दंडाधिकाऱ्याला आहे (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १४५), तो जमीन व पाण्यापुरता असून दागिन्यांना पोचत नाही. चोरीचा माल पोलिसांनी जप्त केला असेल, तर त्याच जुन्या संहितेच्या कलम ४५१ व ४५७ खाली (२०२४ पासून नव्या संहितेतील तशाच कलमांखाली) फौजदारी न्यायालय तो सुपूर्तनाम्यावर, म्हणजे मागताच हजर करण्याच्या हमीवर, देऊ शकते. सुंदरभाई देसाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मौल्यवान वस्तूंचा सविस्तर पंचनामा व छायाचित्रे घेऊन त्या लवकर परत द्याव्यात, असे सांगितले. पण सुपूर्तनामा हा तात्पुरता ताबा असतो, त्याने हक्क ठरत नाही. तो दिवाणी न्यायालयातच ठरतो.

तेथे कोर्ट कमिशनर वजन करायला बसला की नवी अडचण निघते. जुन्या यादीत वजन तोळे, मासे आणि गुंजांत असते, काट्यावर ग्रॅम दिसतात. बोरमाळेचे मणी आतून लाखेने भरलेले असतात, त्यामुळे यादीतले वजन लाखेसह की निव्वळ सोन्याचे, हे कळत नाही. चांदीवर सोन्याचा मुलामा दिलेला मुखवटा यादीत नुसता ‘सोन्याचा’ म्हणून लिहिलेला असेल, तर खरा बदलून खोटा ठेवल्याचा आरोप त्या एका शब्दावरून होतो आणि तो खोडून काढायला दुसरा कागद नसतो.

मुदतीचा कायदा देवस्थानाच्या बाजूचा आहे, पण एका मर्यादेपर्यंत. विश्वस्ताकडून किंवा त्याच्या वारसांकडून देवाची मालमत्ता परत मागायला कलम १० नुसार कालमर्यादा नाही, त्यामुळे आजोबांच्या वहिवाटीचा हिशेब नातवाकडे मागता येतो. वहिवाटदाराने (देवस्थानाचा कारभार पाहणाऱ्याने) मोबदला घेऊन दागिना विकला असेल, तर मात्र ती विक्री रद्द करून घेण्यासाठी, ती कळल्यापासून तीनच वर्षे मिळतात. विक्री पंचांना नेमकी कधी कळली हे कमिटीच्या इतिवृत्तावरून आणि त्याखालच्या सह्यांवरून शाबीत करावे लागते, आणि उलटतपासणीचा बराचसा भर त्यावरच असतो.