कटरने कापायच्या मसाला कुकीज: खायचा सोडा की बेकिंग पावडर?

दोन्ही पांढऱ्या भुकट्या, दोन्ही चमच्याने मोजायच्या. म्हणून ‘सोडा संपलाय? मग तेवढीच पावडर घाल’ असं सर्रास होतं. केकमध्ये ही अदलाबदल झाली की फुगण्यात फरक पडतो. कटरने कापलेल्या कुकीजमध्ये आकारच बिघडतो. छान टोकदार चांदण्या कापून ट्रे आत ठेवला आणि बारा मिनिटांनी बाहेर काढली ती बोथट पाकळ्यांची फुलं, हे मी अनुभवलंय. दालचिनी-लवंगेचा वास घरभर आणि ट्रेवर सगळ्या चांदण्या एकमेकींना चिकटलेल्या. जीव हळहळतो अशा वेळी.

खायचा सोडा म्हणजे निव्वळ सोडियम बायकार्बोनेट. ओल्या पिठात आंबट काही भेटलं, की लगेच त्यातून कार्बन डायऑक्साइड सुटतो. मसाला कुकीजमध्ये हे आंबट कुठून येणार? काकवी, मध आणि ब्राउन शुगर, तिन्ही चवीला गोड असल्या तरी थोड्या आम्लधर्मी असतात. पण या कुकीजमध्ये सोड्याचं खरं काम फुगवणं नाहीच. तो आम्ल मारतो, त्यामुळे काकवीचा उग्रपणा उतरतो. शिवाय सोडा अल्कली, म्हणजे आम्लाच्या उलट गुणाचा, असल्यामुळे कुकी लवकर तांबूस होते. आल्याच्या कुकीजचा तो गडद तपकिरी रंग काकवीइतकाच सोड्याचाही असतो. त्याची किंमत मात्र मोजावी लागते: सोडा जास्त झाला की पीठ आवळून यायच्या आत पसरतं आणि कडा जातात.

बेकिंग पावडरमध्येही सोडाच असतो, पण सोबत कोरडं आम्ल आणि दोघांना कोरडं ठेवणारा स्टार्च असतो. रसायनतज्ज्ञ अल्फ्रेड बर्ड यांनी 1843 मध्ये इंग्लंडमध्ये ती तयार केली, कारण त्यांच्या पत्नीला यीस्ट सोसत नव्हतं. बाहेरचं आंबट या पावडरला लागत नाही. हल्लीची बहुतेक पावडर ‘डबल अ‍ॅक्टिंग’ असते: थोडा वायू ओल लागताच, उरलेला ओव्हनच्या उष्णतेत. तिचं आम्ल आतच खर्ची पडत असल्याने रंगावर ती सोड्याइतकी चढत नाही. कुकी फिकट राहते, किंचित हलकी होते आणि पसरण्यापेक्षा वर उचलली जाते.

ताकदीत सोडा साधारण तिप्पट-चौपट. म्हणून पाव चमचा सोड्याच्या जागी पाऊण ते एक चमचा पावडर चालते, पण मग काकवीचं आम्ल तसंच राहतं. कुकी फिकट राहते आणि चवीला उग्र लागते. उलट अदलाबदल मी कधीच करत नाही. साध्या साखरेच्या पिठात आंबट काही नसलं, तर सोड्याचं भट्टीत सोडियम कार्बोनेट होतं आणि जिभेवर साबणासारखी चव राहते. वेलची-जायफळ कितीही घाला, ती लपत नाही.

माझं मत सांगते. पिठात काकवी किंवा मध असेल तर सोडाच, पण दोन कप मैद्याला पाव चमच्याच्या वर नाही. पांढऱ्या साखरेचं पीठ असेल तर अर्धा चमचा पावडर पुरे. अगदी धारदार कडा हव्या असतील, कुकीजचं घर बांधायला भिंती कापायच्या असतील, तर काहीही नको. आणि कशातही, कापलेले आकार भाजण्याआधी अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवायचेच; लोणी घट्ट असलं की कडा टिकतात.

सोडा मैद्यासोबत चाळून घ्या. त्याची ज्वारीच्या दाण्याएवढी गुठळी राहिली, तरी भाजल्यावर तिथे तपकिरी ठिपका उमटतो आणि तो घास कडू लागतो. डबा जुना वाटला तर पावडरचा अर्धा चमचा गरम पाण्यात टाका, सोड्यावर थोडं व्हिनेगर. सोडा तिथल्या तिथे फसफसला पाहिजे, पावडरने पाणी भराभर बुडबुड्यांनी भरलं पाहिजे. तसं झालं नाही तर नवं पाकीट फोडा.