घरच्यांवर डॉक्युमेंटरी की घरच्यांवरून फिक्शन?

नागपुरात फोन घेऊन स्वतःच्या घरावर, आडनावावर फिल्म करणारे पोट्टे भेटतात तेव्हा मला लई भारी वाटते. पण काय करून राहिला विचारलं की "माझीच स्टोरी आहे" एवढंच सांगतात, अन् त्यात दोन वेगळ्या गोष्टी मिसळून जातात.

पर्सनल डॉक्युमेंटरीत तुमची आई म्हणजे तुमचीच आई, नावासकट, चेहऱ्यासकट. फिक्शनमध्ये तिचं काम दुसरी बाई करते अन् डायलॉग तुम्ही लिहिता. नागराज मंजुळेंचा फँड्री (२०१३) घ्या. त्यातल्या जब्या या पोराचं जगणं त्यांच्या स्वतःच्या अनुभवातून आलं, पण मंजुळे वडार समाजातले आणि जब्याचं घर कैकाडी. समाज बदलला, अपमान तोच राहिला, आणि ही मोकळीक फक्त फिक्शनमध्ये मिळते. डॉक्युमेंटरीत तुम्ही जात, मोहल्ला, काकाचं दारू पिणं यातलं काहीच बदलू शकत नाही, फार तर दाखवायचं नाही एवढं ठरवू शकता. मंजुळेंचाच झुंड नागपूरचा आहे, पण तो झोपडपट्टीतल्या पोरांना फुटबॉल शिकवणाऱ्या विजय बारसे सरांच्या कामावरून केलेला, डायरेक्टरची आपबीती नाही, म्हणून तो इथे येतच नाही.

खरी गडबड होते ती नट घेऊन पुन्हा उभे केलेले सीन असले की. कॅनडाच्या सारा पॉलीची स्टोरीज वी टेल (२०१२) तिच्या वारलेल्या आईबद्दल आणि आपला जन्मदाता बाप कोण याबद्दल आहे, त्यातले घरचे जुने सुपर एट (घरगुती फिल्म कॅमेऱ्याचं) फुटेज वाटणारे बरेच शॉट नट घेऊन शूट केलेत. तरी ती डॉक्युमेंटरीच, कारण घरची खरी माणसं समोर बसून आपापली बाजू सांगतात आणि त्या बाजू जुळत नाहीत. माझी कसोटी हीच आहे, मूळ माणसाला तुमच्या फिल्ममध्येच "असं नव्हतं झालं" म्हणायची जागा आहे का? असेल तर डॉक्युमेंटरी.

म्हणून तिथे परवानगी एकदा घेऊन भागत नाही, एडिट झाल्यावर आईला दाखवा, ती नको म्हणाली तर तो भाग काढा, कितीही जीव गुंतला असला तरी.

कामही उलटं चालते. फिक्शनची स्क्रिप्ट आधी, डॉक्युमेंटरीची गोष्ट बहुतेक एडिट टेबलवरच सापडते. आणि आवाज! मे महिन्यात कूलर चालू ठेवला तर आजीचं एक वाक्य धड ऐकू येणार नाही, बंद केला तर ती दहा मिनिटं बसणार नाही, फिक्शनमध्ये नटाला नंतर डबिंगला बसवता येते पण आजीला तेच दुःख पुन्हा कसं बोलायला लावणार? हिवाळ्यात शूट करा बाप्पा.

तुमच्या घरात १४ ऑक्टोबर १९५६ ला दीक्षाभूमीवर लहानपणी हजर असलेलं कोणी असेल, तर स्क्रिप्ट बाजूला ठेवा, फिक्शन नंतरही करता येईल. कॉलर माईक लावा, मधे बोलू नका, आणि फाईल दोन वेगळ्या हार्ड डिस्कवर ठेवा.